घाटकोपरची चौदा वर्षं

११ जुलै १९९७ची सकाळ. घाटकोपर पूर्वेच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात लोकांना जाग आली ती संतापजनक बातमीनं. वस्तीतल्या बाबासाहेबांच्या पुतळ्याला रात्रीत कुणीतरी चपलांची माळ घातली होती. माणसं घराबाहेर पडली, वस्तीला खेटून जाणारा पूर्व द्रुतगती महामार्ग अडवला गेला, आणि तिथे आलेल्या राज्य राखीव पोलीस दलाच्या तुकडीनं गोळीबार केला. दहा जण ठार झाले, सव्वीस जखमी झाले. जमाव गॅसचे टँकर पेटवायला निघाला होता, ते पेटले असते तर सगळा परिसर उडाला असता, असं पोलिसांच्या बाजूनं सांगितलं गेलं.

चार दिवसांनी, १५ जुलैला, मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणाऱ्या विलास घोगरे नावाच्या शाहिरानं स्वतःच्या घरात गळफास घेतला. त्याआधी त्यांनी कपाळाला निळं कापड बांधलं होतं. घोगरे डाव्या चळवळीतले, ‘आव्हान नाट्य मंच’मधून वर्षानुवर्षं लाल झेंड्याखाली गायलेले. पुढे संघटनेची आणि त्यांची फारकत झाली होती. घाटकोपरच्या बातमीनं ते आतून मोडले, आणि जाताना निळा रंग घेऊन गेले.

त्या वर्षी पूर्व उपनगरांनी बरंच सोसलं. जानेवारीत डॉ. दत्ता सामंतांची पवईत हत्या झाली होती. ज्या पंतनगरात त्यांनी डॉक्टरकी केली आणि कामगारांचं राजकारण उभं केलं, ते रमाबाई नगराच्या शेजारीच. जुलैत हे घडलं. वर्तमानपत्रांचे मथळे पुढे सरकले. महामार्गावरून रोज ठाण्याला जाणाऱ्या लाखो माणसांसाठी रमाबाई नगर पुन्हा खिडकीतून दिसणारी एक वस्ती उरली.

एक माणूस मात्र तिथून हलला नाही. विलास घोगऱ्यांना तो बारा-तेरा वर्षांपासून ओळखत होता, त्यांचं गाणं त्यानं आपल्या चित्रपटात घेतलं होतं. तो कॅमेरा घेऊन आधी मुलुंडला आणि घाटकोपरला गेला, मग महाराष्ट्रभर फिरला, आणि चित्रपट पूर्ण करून लोकांपुढे आला तो २०११ साली. चौदा वर्षं लागली. चित्रपटाचं नाव ‘जय भीम कॉम्रेड’, दिग्दर्शक आनंद पटवर्धन.

पटवर्धनांची ओळख आपल्याकडे बहुधा वादांमधून होते. अमुक चित्रपटावर सेन्सॉरनं कात्री चालवली, तमुक चित्रपट दूरदर्शननं नाकारला, कुठल्यातरी महाविद्यालयातला खेळ बंद पाडला, अशा बातम्यांतून. त्या बातम्या खऱ्याच आहेत. पण त्यांच्यामुळे या माणसाचं मोठं काम झाकलं जातं, असं मला वाटतं. पन्नास वर्षं देश बदलत असताना ते त्या बदलाच्या ठिकाणी जाऊन थांबले. पुढारी निघून गेल्यावर आणि वार्ताहर परतल्यावरही ज्यांचं आयुष्य तिथेच असतं, त्यांच्याकडे ते पुन्हा पुन्हा जात राहिले. आणि जे टिपलं ते लोकांना दिसावं म्हणून तेवढ्याच चिकाटीनं न्यायालयात लढले. ही कारकीर्द समजून घ्यायला घाटकोपर आणि मुलुंडसारखी दुसरी जागा नाही.

आनंद पटवर्धन यांचा जन्म १८ फेब्रुवारी १९५०चा, मुंबईतला. घराणं अहमदनगरच्या पटवर्धनांचं. रावसाहेब आणि अच्युतराव हे त्यांचे काका. बेचाळीसच्या लढ्यात भूमिगत राहून इंग्रजांच्या हाती न लागलेले अच्युतराव पटवर्धन जुन्या पिढीला वेगळे सांगायला नकोत. आई निर्मला पटवर्धन नामवंत कुंभकार. मातीच्या भांड्यांवरच्या झिलईचा त्यांचा अभ्यास इतका खोल होता की त्यांचं पुस्तक या कलेतले लोक अजून वापरतात. म्हणजे घरात चळवळही होती आणि हातांनी एखादी वस्तू घडवण्याची सवयही होती. मुलात दोन्ही उतरल्या.

मुंबईत इंग्रजी साहित्यात पदवी घेऊन ते अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र शिकायला गेले. व्हिएतनाम युद्धाविरुद्ध तिथले विद्यार्थी रस्त्यावर उतरले होते, तेही उतरले. सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेतही त्यांनी काम केलं. १९७२मध्ये परत आले ते थेट मध्य प्रदेशातल्या ‘किशोर भारती’ या ग्रामीण शिक्षणाच्या प्रकल्पात. सिनेमा हे तोवर त्यांचं क्षेत्र ठरलेलं नव्हतं.

ते ठरलं बिहारमध्ये. १९७४ साली जयप्रकाश नारायणांचं आंदोलन पेटलं होतं. हातात धड साधनं नव्हती. सुपर-८चा छोटा कॅमेरा, सोळा मिलिमीटरची जुनी उरलेली फिल्म, मित्रांकडून मिळालेली मदत. सुपर-८वरचं चित्रण पडद्यावर पाडायचं आणि ते सोळा मिलिमीटरच्या कॅमेऱ्यानं पुन्हा टिपायचं, असे उद्योग करून ‘क्रांती की तरंगें’ तयार झाला. तेवढ्यात आणीबाणी आली. चित्रपट देशात दाखवणं अशक्यच होतं, जवळ बाळगणंही धोक्याचं झालं. तेव्हा प्रतीचे तुकडे करून ते वेगवेगळ्या माणसांबरोबर देशाबाहेर पाठवले गेले. पटवर्धन कॅनडात मॅकगिल विद्यापीठात शिकायला गेले आणि तिथे ते तुकडे पुन्हा जोडले गेले. आणीबाणी उठल्यावर त्यांनी राजकीय कैद्यांवर ‘जमीर के बंदी’ केला (१९७८), आणि कॅनडात असताना ब्रिटिश कोलंबियातल्या भारतीय शेतमजुरांच्या संघटनेवर एक चित्रपट.

त्या काळी माहितीपट म्हटलं की डोळ्यांपुढे काय यायचं, हे नव्या वाचकांना सांगायला हवं. १९४८ साली सरकारनं फिल्म्स डिव्हिजन स्थापन केलं. त्याचे माहितीपट आणि वार्तापट मुख्य सिनेमाच्या आधी दाखवणं चित्रपटगृहांना सक्तीचं होतं. धरणं, पंचवार्षिक योजना, पूर, पाहुणे आलेले पंतप्रधान. त्यातही काही उत्तम कलावंतांनी उत्तम काम केलं. पण बोलणारा आवाज सरकारचा असायचा आणि ज्यांच्याबद्दल तो बोलायचा ती माणसं बहुधा मुकी असायची. पटवर्धनांच्या पिढीनं ती माणसं बोलती केली.

‘हमारा शहर’ १९८५चा. त्याची पार्श्वभूमी मुंबईकरांना आठवत असेल. १९८१च्या पावसाळ्यात बॅरिस्टर अंतुले यांच्या सरकारनं पदपथांवरच्या आणि झोपडपट्ट्यांतल्या लोकांना हटवायची मोहीम काढली. भर पावसात घरं पाडली गेली. पत्रकार ऑल्गा टेलिस आणि इतर सर्वोच्च न्यायालयात गेले. १० जुलै १९८५च्या निकालात न्यायालयानं म्हटलं, की उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे. मात्र रीतसर नोटीस देऊन घरं हटवण्याची मुभाही त्याच निकालानं ठेवली. ‘हमारा शहर’ हा त्या वर्षांचा चित्रपट आहे. पालिकेचे आणि पोलिसांचे वरिष्ठ अधिकारी त्यात आपली बाजू मांडतात, उच्चभ्रू मंडळी शहराच्या सौंदर्याची काळजी करतात, आणि ज्या मजुरांनी त्यांच्या इमारती बांधल्या त्यांची घरं बुलडोझरखाली जातात. मध्येच एक तरुण शाहीर डफ घेऊन गातो, शहराकडे पोटासाठी आलेल्या माणसाची कहाणी सांगतो. तो विलास घोगरे.

या चित्रपटातला एक प्रसंग मी अनेकदा थांबवून पाहिला आहे. घर पाडलं गेलेली एक बाई कॅमेऱ्यावरच उखडते. आमचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आम्हाला काय मिळणार, असा तिचा रोख आहे. ती पडद्यावरून सरळ प्रेक्षकाकडे बघते आहे. संकलनाच्या टेबलावर हा तुकडा काढून टाकणं अगदी सोपं होतं. कुणाला कळलंही नसतं. पटवर्धनांनी तो ठेवला. माझ्या मते त्यांच्या पुढच्या सगळ्या कामाचा पाया त्या बाईच्या प्रश्नात आहे, कारण त्यानंतर ते नुसते चित्रपट करून थांबलेले दिसत नाहीत. १९८६मध्ये ‘हमारा शहर’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी नरिमन पॉइंटजवळची संजय गांधी नगर ही वस्ती पाडली गेली, तेव्हा वस्तीतल्या लोकांबरोबर शबाना आझमी आणि पटवर्धन उपोषणाला बसले. त्या लढ्यातून त्या कुटुंबांना गोरेगावला दिंडोशीत पर्यायी जागा मिळाली. पुरस्कार कपाटात ठेवून पुढचा विषय शोधायचा, असं त्यांनी केलं नाही.

पुढचा दशकभराचा काळ सगळ्या देशासाठीच कठीण होता. पंजाब जळत असताना त्यांनी भगतसिंगांचा वारसा सांगणाऱ्या लोकांवर चित्रपट केला. १९९०च्या रथयात्रेच्या मागोमाग जाऊन ‘राम के नाम’ केला. बाबरी मशीद पडण्याआधीच तो पूर्ण झाला होता. त्यात राम जन्मभूमी मंदिराचे न्यायालयानं नेमलेले पुजारी लालदास शांतपणे सांगतात, की हा सगळा खेळ राजकारणाचा आणि पैशाचा आहे. १९९३मध्ये लालदासांचा खून झाला. १९९५ला ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ आला, दंगलींचं आणि पुरुषार्थाच्या कल्पनेचं नातं शोधणारा. त्याच वर्षी सिमंतिनी धुरू यांच्याबरोबर केलेला ‘नर्मदा डायरी’ आला. सरदार सरोवराच्या पाण्याखाली जाणारं महाराष्ट्रातलं पहिलं गाव मणिबेली, तेव्हाच्या धुळे जिल्ह्यातलं. बुडणाऱ्या गावातली माणसं त्यात आहेत.

याच सुमारास हिमालयापलीकडे काय चाललं होतं ते बघण्यासारखं आहे. चीनमध्ये बाजार खुला झाला होता, जुने सरकारी कारखाने बंद पडत होते, गावंच्या गावं हलवली जात होती. फेनयांग या लहानशा गावातून आलेल्या जिआ झांगके या १९७० साली जन्मलेल्या तरुणानं १९९७मध्ये सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर, सरकारी परवानगीशिवाय, आपल्याच गावातल्या एका खिसेकापूची गोष्ट टिपली. ‘शिआव वू’ हा तो चित्रपट. त्यासाठी त्याला सरकारी नाराजी पत्करावी लागली. पुढे यांगत्झे नदीवरच्या थ्री गॉर्जेस धरणात बुडणाऱ्या शहरात जाऊन त्यानं ‘स्टिल लाइफ’ केला, आणि २००६ साली व्हेनिसला सर्वोच्च पुरस्कार मिळवला. २००८च्या ‘ट्वेंटीफोर सिटी’त चेंगदू शहरातला एक जुना कारखाना पाडून तिथे उंच इमारतींची वसाहत उभी राहते, आणि कामगार आपलं आयुष्य सांगतात. वांग बिंग या दुसऱ्या दिग्दर्शकानं शेनयांगच्या मरत चाललेल्या औद्योगिक भागावर नऊ तासांचा माहितीपट केला.

भांडूप, मुलुंड, विक्रोळीच्या माणसाला हे चित्रपट परके वाटणार नाहीत. लालबहादूर शास्त्री मार्गावर आपण हेच पाहिलं आहे. भोंग्यावर घड्याळ लावणाऱ्या वसाहती गेल्या, कारखान्यांच्या जागी मॉल आणि टॉवर आले, आणि तिथे तीस वर्षं घाम गाळलेला माणूस आता त्याच टॉवरच्या फाटकावर वॉचमन आहे. त्याच्यावर कुणी ‘ट्वेंटीफोर सिटी’ केला नाही याची मला खंत आहे. नर्मदा आणि यांगत्झे यांची गोष्ट तर एकाच काळातली. फरक आहे तो पुढच्या रस्त्याचा. जिआ झांगकेनं २००४पासून सरकारी परवानगी घेऊन, व्यवस्थेच्या चौकटीत राहून काम करायचं ठरवलं, आणि त्या चौकटीत जेवढं सांगता येईल तेवढं सांगितलं. बीजिंगमधला स्वतंत्र चित्रपटांचा महोत्सव २०१४मध्ये बंद पाडला गेला. पटवर्धनांना दाद मागायला न्यायालय होतं. ते तिथे गेले, आणि ही त्यांच्या कारकिर्दीची दुसरी अर्धी बाजू आहे.

तिचा मुद्दा साधा आहे. दूरदर्शन लोकांच्या पैशावर चालतं. राष्ट्रीय पुरस्कार मिळालेला आणि सेन्सॉरनं प्रमाणपत्र दिलेला चित्रपट ते का नाकारतं? हा प्रश्न घेऊन ते एकामागून एक चित्रपटांसाठी न्यायालयात गेले. ‘हमारा शहर’ न्यायालयाच्या आदेशानं दाखवला गेला, ‘राम के नाम’ही तसाच. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’चं प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि ऑगस्ट २००६मध्ये तिथे निकाल त्यांच्या बाजूनं लागला. चित्रपट तयार झाल्यापासून अकरा वर्षांनी! पोखरणच्या अणुस्फोटांनंतर केलेल्या ‘जंग और अमन’मध्ये सेन्सॉर मंडळाला २१ काटछाटी हव्या होत्या. २००३मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं एकही काट न देता तो दाखवायची परवानगी दिली. २००४च्या मुंबई आंतरराष्ट्रीय महोत्सवात भारतीय माहितीपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घातली गेली, तेव्हा देशभरच्या माहितीपटकारांनी ‘विकल्प’ नावाचा समांतर महोत्सव उभा केला. त्यातही ते पुढे होते. पुढे जुहूच्या पृथ्वी थिएटरमध्ये ‘विकल्प’चे खेळ नियमित होऊ लागले, आणि अंधेरी-जुहूच्या तरुणांना माहितीपट बघायची सवय लागली. या एकेका निकालाचा फायदा पुढच्या प्रत्येक माहितीपटकाराला झाला. त्याबद्दल त्यांचे आभार फार थोड्यांनी मानले असतील.

आता ‘जय भीम कॉम्रेड’.

तंत्राची एक गोष्ट आधी सांगतो, कारण ती या चित्रपटाच्या स्वभावाला लागू आहे. सोळा मिलिमीटरचं चारशे फुटांचं रीळ जेमतेम अकरा मिनिटं चालतं. फिल्म महाग, धुलाई महाग. म्हणून कॅमेरा कधी सुरू करायचा याचा हिशोब सतत डोक्यात ठेवावा लागतो. शाहीर गायला लागला तर दोन कडवी घ्यायची आणि थांबायचं. व्हिडिओ आल्यावर हे बंधन सुटलं. जलसा रात्रभर चालू दे, टेप बदलता येते. ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये आंबेडकरी गाणी इतकी भरभरून येतात, गायक श्वास घेतो, कोरस चुकतो, समोरचं लेकरू झोपी जातं, हे सगळं राहतं, ते यामुळे. पटवर्धन आपल्या बहुतेक चित्रपटांचं छायाचित्रण आणि संकलन स्वतः करतात. मोठी फौज नसते, म्हणून वस्तीतल्या दहा बाय दहाच्या खोलीत कॅमेऱ्याला जागा मिळते आणि घरच्या माणसांना अवघडल्यासारखं होत नाही.

चित्रपटाचा एक धागा तपासाचा आहे. गोळीबाराच्या वेळी टँकर नेमके कुठे होते, जमाव कुठे होता, गोळ्या कुठल्या दिशेनं सुटल्या, हे चित्रफितींतून आणि साक्षींतून तपासलं जातं. टँकरचा बचाव त्यापुढे टिकत नाही. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगानंही गोळीबाराचा आदेश देणारे उपनिरीक्षक मनोहर कदम यांना जबाबदार धरलं होतं. २००९ साली सत्र न्यायालयानं त्यांना जन्मठेप सुनावली, आणि नंतर उच्च न्यायालयानं त्यांना जामीन दिला. म्हणजे निकाल यायलाच बारा वर्षं गेली. पटवर्धनांचा चित्रपट चौदा वर्षं का चालला, याचं एक उत्तर इथे आहे. गोष्टच संपत नव्हती.

दुसरा धागा गाण्याचा, आणि मला तो जास्त मोलाचा वाटतो. घोगरे का गेले, हा प्रश्न मनात धरून पटवर्धन शाहिरांच्या मागे निघाले. आंबेडकरी जलशांची ही परंपरा पूर्व उपनगरांच्या अगदी हाडामांसातली आहे. अण्णाभाऊ साठे घाटकोपरच्याच चिरागनगरात बावीस वर्षं राहिले, तिथल्या झोपडीत त्यांनी लिहिलं. लाल बावटा कलापथक अण्णाभाऊंचं, अमर शेखांचं आणि गव्हाणकरांचं. वामनदादा कर्डकांनी भीमगीत घराघरात नेलं. लाल आणि निळा हे दोन रंग या वस्त्यांत शेजारी नांदत आले, आणि एकमेकांवर रुसतही आले. जात आधी की वर्ग आधी, हा वाद विद्यापीठांच्या परिसंवादांत होतो तसा या गल्ल्यांतही होतो, आणि इथे त्याची किंमत माणसं आयुष्यानं मोजतात. घोगऱ्यांचं मरण या वादाच्या मधोमध झालं. चित्रपटाच्या नावातले दोन शब्द त्यांनाच उद्देशून आहेत.

तीन तासांच्या आसपास चालणाऱ्या या चित्रपटात काय नाही? १९७४च्या जानेवारीत दलित पँथरच्या मोर्चात मारला गेलेला भागवत जाधव आहे. शहराचा कचरा उचलणारे सफाई कामगार आहेत. ६ डिसेंबरला चैत्यभूमीला येणारा जनसागर आहे, आणि त्या गर्दीमुळे नाक मुरडणारी आसपासची काही मंडळीही आहेत. २००६चं खैरलांजी हत्याकांड आहे. पँथरचे जुने नेते कुठल्या कुठल्या व्यासपीठांवर पोचले, तेही आहे. आणि शेवटाकडे पुण्याच्या ‘कबीर कला मंच’ची तरुण मुलं येतात. शीतल साठे गायला लागते तेव्हा अंगावर काटा येतो. घोगऱ्यांच्या सुरात जी तळमळ होती ती पुढच्या पिढीच्या गळ्यात ऐकू येते. याच मंचावर नक्षलवादी असल्याचा आरोप झाला, ही मुलं भूमिगत झाली. एप्रिल २०१३मध्ये शीतल साठे आणि सचिन माळी विधान भवनाबाहेर गाणं म्हणत पोलिसांच्या स्वाधीन झाले. त्यांच्या बचावासाठी जी समिती उभी राहिली तिच्यात पटवर्धन होते. ‘हमारा शहर’मधल्या बाईचा प्रश्न इथेही त्यांच्या पाठीशी उभा असावा.

पटवर्धनांच्या कामातली एक गोष्ट मला खटकत आली आहे. विरोधी विचाराच्या माणसाशी बोलताना ते पुष्कळदा त्याला कोंडीत पकडतात. तो फजीत होतो, प्रेक्षागृहात हशा पिकतो, पण तो माणूस असा का झाला हे कळायचं राहून जातं. ‘राम के नाम’मध्ये आणि पुढच्या चित्रपटांतही हे आहे. ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये ते फार कमी आहे. चौदा वर्षांत ते घाटकोपरच्या लोकांकडून ऐकून घ्यायला शिकले, असं मला वाटतं. माणसं बोलतात, मध्येच थांबतात, आणि कॅमेरा वाट पाहतो. म्हणूनच हा त्यांचा सर्वश्रेष्ठ चित्रपट आहे असं मी मानतो, ‘राम के नाम’ची कीर्ती कितीही मोठी असली तरी.

त्यानंतर त्यांनी ‘विवेक’ केला. नरेंद्र दाभोलकर, गोविंद पानसरे, एम. एम. कलबुर्गी आणि गौरी लंकेश यांच्या हत्यांचा माग घेत देशाचा वेध घेणारा, आठ प्रकरणांचा. २०१८मध्ये ॲम्स्टरडॅमच्या महोत्सवात तो सर्वोत्कृष्ट माहितीपट ठरला. पुढच्या वर्षी केरळच्या महोत्सवात दाखवायला केंद्रानं सूट नाकारली, तेव्हा केरळ उच्च न्यायालयातून परवानगी आणावी लागली. वयाच्या सत्तरीतही न्यायालयाच्या पायऱ्या सुटल्या नाहीत.

पण ‘जय भीम कॉम्रेड’चा खरा पुढचा अध्याय त्यांच्या हातून लिहिला गेला नाही, तो मराठी सिनेमानं लिहिला. २०१४ला चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’ आला. त्यात एका म्हाताऱ्या लोकशाहिरावर खटला भरला जातो, आरोप असा की त्याचं गाणं ऐकून एका सफाई कामगारानं मॅनहोलमध्ये जीव दिला. व्हेनिसला त्याचा गौरव झाला, २०१५मध्ये सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. शाहिराची भूमिका करणारे वीरा साथीदार स्वतः नागपूरचे आंबेडकरी कार्यकर्ते होते. त्यातली गाणी संभाजी भगतांची. हे भगत ‘आव्हान’मध्ये घोगऱ्यांचे साथी होते, आणि ‘जय भीम कॉम्रेड’मध्येही ते आहेत. मुलुंडच्या झोपडीतून निघालेला आवाज व्हेनिसच्या पडद्यापर्यंत असा पोचला. त्याच सुमारास नागराज मंजुळे यांचा ‘फँड्री’ आला. शेवटी जब्या दगड उचलतो आणि थेट प्रेक्षकाच्या दिशेनं भिरकावतो. ‘हमारा शहर’मधली बाई ज्या कॅमेऱ्यावर उखडली होती, तो कॅमेरा आता तिच्या लेकरांच्या हातात आला होता.

रमाबाई नगरही आता बदलतं आहे. एमएमआरडीए आणि झोपडपट्टी पुनर्वसन प्राधिकरणानं तिथला आणि शेजारच्या कामराज नगरचा पुनर्विकास हाती घेतला आहे, पूर्व मुक्त मार्गही पुढे वाढतो आहे. लोकांना पक्की घरं मिळावीत, नळाला पाणी आणि लिफ्ट मिळावी, यात दुमत असण्याचं कारण नाही. त्या माणसांनी खूप वाट पाहिली आहे. ११ जुलैला दरवर्षी तिथे शहिदांना अभिवादन होतं, तेही चालूच राहील. पण घरं पाडली की गल्ल्या जातात, आणि कुठली गोळी कुठे लागली हे बोट दाखवून सांगता येत नाही. त्या गल्ल्या ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये आहेत, त्यातल्या माणसांच्या तोंडून त्या दिवसाची हकिगत आहे. नव्या इमारतींत समाजमंदिराचं सभागृह असेलच. तिथे एक चांगला पडदा आणि एक प्रोजेक्टर ठेवावा, आणि वर्षातून एकदा तरी हा चित्रपट नव्या मुलांना दाखवावा, असं मला मनापासून वाटतं. खर्च फार नाही.

२०२३मध्ये पटवर्धनांनी ‘वसुधैव कुटुंबकम्’ पूर्ण केला. यात कॅमेरा त्यांच्या स्वतःच्या घरात आहे. म्हातारे होत चाललेले आई-वडील, त्यांची थट्टामस्करी, आजारपणं, आणि बोलता बोलता निघणाऱ्या स्वातंत्र्यलढ्याच्या आठवणी. हे चित्रण त्यांनी वर्षानुवर्षं घरच्यासाठी म्हणून करून ठेवलं होतं. पन्नास वर्षं दुसऱ्यांच्या घरात शिरलेला माणूस अखेर आपल्या घराचं दार उघडतो, आणि त्या घरातही आपल्याला देशाचाच इतिहास भेटतो.

त्यांचे बरेचसे चित्रपट आता इंटरनेटवर पाहायला मिळतात. या सुट्टीत वेळ काढणार असाल तर माझं ऐका, ‘जय भीम कॉम्रेड’पासून सुरुवात करू नका. आधी सव्वा तासाचा ‘हमारा शहर’ पाहा आणि डफ घेऊन गाणाऱ्या विलास घोगऱ्यांचा चेहरा नीट लक्षात ठेवा. मग दुसऱ्या दिवशी, पूर्ण तीन तास हाताशी ठेवून, ‘जय भीम कॉम्रेड’ लावा. घरात कॉलेजातली मुलं असतील तर त्यांनाही बसवा.